धुराडे आणि सूप

सोलापूरच्या उद्योगांचा इतिहास सांगू लागले, की लेखणी आपसूक गिरण्यांकडे वळते. 1877 साली जुनी मिल उभी राहिली. पुढे नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू आल्या आणि भोंग्यावर उठणारे, भोंग्यावर जेवणारे एक शहर घडले. कोळशाची काजळी नि रंगाचे पाणी ही त्या वैभवाच्या पाठोपाठ आलेली मंडळी. तरी गिरणीला एक गोष्ट होती, ती म्हणजे भिंत. शेजारच्या चाळीत काजळी आली, तर ती कोणाची हे धुराड्याकडे बोट दाखवून सांगता येई.

विडीच्या धंद्याला मुळी धुराडेच नाही! फराळाचे ताट पुढे असताना तंबाखूची गोष्ट काढली, याचा वाचकभगिनींनी राग मानू नये. कारण ही गोष्ट बायकांचीच आहे. शहराच्या पूर्व भागात तेलुगू बोलणाऱ्या विणकरांच्या वस्त्या आहेत. तिथली बाई कारखान्यातून पाने आणि तंबाखू मोजून घरी आणते. पाने भिजवायची, कात्रीने मापात कापायची, मांडीवरच्या सुपात तंबाखू घेऊन विडी वळायची, दोरा बांधायचा आणि पुन्हा मोजून द्यायची. त्याच खोलीत चूल, त्याच खोलीत निजलेले मूल. भुकटी उडते ती भातावर आणि पाळण्यावरही. उद्योगाच्या शेजारी राहणे निराळे. इथे उद्योगच बिऱ्हाडकरू होऊन आला.

1966 साली विडी कामगारांसाठी कायदा झाला. घरी विडी वळणारीलाही त्याने कामगार मानले, ही काही लहान गोष्ट नव्हे. कामाच्या जागी खेळती हवा हवी, धुळीचा बंदोबस्त हवा, हेही त्यात होते. परंतु 'औद्योगिक जागा' म्हणजे काय, हे सांगताना खाजगी राहते घर त्यातून वगळले! म्हणजे बाई कामगार, पण ती जिथे श्वास घेते ती जागा कामाची नव्हे. पुढे 1981 साली हवेच्या प्रदूषणाचा देशव्यापी कायदा आला, त्याचीही नजर मुख्यतः धुराड्यांवरच.

सोलापूरच्या विडीवाल्यांनी मग घरच मागितले. नरसय्या आडम मास्तरांच्या पुढाकाराने लढा चालला आणि शहराजवळ कुंभारीला 10,000 घरांची वसाहत उभी राहिली. तिला गोदूताई परुळेकरांचे नाव दिले. 2006 साली पंतप्रधान मनमोहन सिंगांच्या हस्ते ती घरे बायकांच्या स्वाधीन झाली. भाड्याची कोंदट खोली सुटली, हक्काचे दार मिळाले. बिऱ्हाडाबरोबर सूपही कुंभारीला गेले.