हडल : एका कोंडाळ्याची कुळकथा

गुरांच्या बाजारात बैलाचा सौदा ठरत असताना दोन दलाल समोरासमोर येतात, एकाच्या खांद्यावरचे उपरणे दोघांच्या हातांवर पडते, आणि त्या कापडाखाली बोटे दाबून, पेरे चाचपून किंमत बोलली जाते. भोवतालच्या बघ्यांना हालणारे कापड तेवढे दिसते, आकडा मात्र कोणाच्या हाती लागत नाही. करपल्लवी या देखण्या शब्दाने आपल्या पूर्वजांनी हातांच्या ज्या भाषेला गौरविले, तिचाच हा बाजारी अवतार. आणि तिच्यावर उपरणे टाकण्याचे कारण उघड आहे, की तोंडाने बोललेले जसे ऐकले जाते तसे बोटांनी बोललेले पाहिले जाते. अमेरिकेतील एका लहानशा कॉलेजाच्या फुटबॉल संघाने १८९४ च्या सुमारास जी एक युक्ती काढली, तिच्या मुळाशी नेमके हेच व्यवहारज्ञान होते. त्या तरुणांजवळ उपरणे नव्हते, म्हणून त्यांनी आपल्या पाठींचाच आडोसा केला.

त्या कॉलेजाची वॉशिंग्टन शहराच्या ईशान्य भागात केंडॉल ग्रीन नावाची जी जागा आहे, ती एके काळी अमेरिकेच्या टपाल खात्याचे प्रमुख असलेल्या एमॉस केंडॉल यांच्या मालकीची. त्यांनी दिलेल्या जमिनीवर १८५७ साली बधिर आणि अंध मुलांची शाळा उभी राहिली आणि तिचा कारभार एडवर्ड माइनर गॅलॉडेट या वीस वर्षांच्या पोराच्या हाती सोपविण्यात आला. वय पाहता ही नेमणूक धाडसाची वाटेल. परंतु या तरुणाचे वडील टॉमस हॉपकिन्स गॅलॉडेट यांनी लॉराँ क्लेर या फ्रेंच बधिर शिक्षकाच्या साह्याने १८१७ मध्ये हार्टफर्ड येथे बधिरांची शाळा काढली होती, आणि आई सोफिया स्वतः बधिर होती, त्यामुळे हातांची भाषा ही त्याला कोणी शिकवलेली विद्या नसून अक्षरशः मातृभाषा होती. १८६४ मध्ये, यादवी युद्ध ऐन भरात असताना, अध्यक्ष लिंकन यांनी या संस्थेस पदव्या देण्याची मुभा देणाऱ्या कायद्यावर सही केली, आणि बधिरांच्या उच्च शिक्षणाची ती जगातली पहिली सनद ठरली. कॉलेजाच्या नावात पूर्वी ‘मूकबधिर’ या अर्थाचा शब्द होता. १८९४ साली माजी विद्यार्थ्यांच्या विनंतीवरून तो जाऊन तेथे थोरल्या गॅलॉडेटांचे नाव आले. ज्यांना दिवसभर बोलण्याची सवय आहे, त्यांना मूक म्हणवून घेणे आवडू नये यात नवल ते काय?

परंतु हे बोलणे आहे, हेच त्या काळच्या विद्वानांना मान्य नव्हते. १८८० साली इटलीतील मिलान येथे बधिरांच्या शिक्षकांची जी आंतरराष्ट्रीय परिषद भरली, तिने प्रचंड बहुमताने असा ठराव केला, की बधिर मुलांना ओठ वाचून तोंडाने बोलावयास शिकविणे हीच श्रेष्ठ पद्धती होय. त्या ठरावाच्या बळावर युरोपातील शाळांतून हातांच्या भाषेची हकालपट्टी झाली. विरोधात मत देणारे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, आणि त्यांत एडवर्ड गॅलॉडेट होते. खुद्द अमेरिकेत टेलिफोनचे जनक अलेक्झांडर ग्रॅहम बेल हे या मुखवादी पक्षाचे मोठे पुरस्कर्ते. हातांच्या खुणा म्हणजे हावभाव, मुकाभिनय, फार तर चित्रांची एक ओबडधोबड मालिका; व्याकरण, विचार, सूक्ष्म अर्थ यांना तेथे थारा कोठला, असा या पक्षाचा एकंदर सूर असे. केंडॉल ग्रीनवरचे कॉलेज हे अशा वादळात हातांच्या भाषेला उरलेले एक बळकट आश्रयस्थान होते.

मिलानच्या परिषदेनंतर तीनच वर्षांनी, म्हणजे १८८३ मध्ये, या आश्रयस्थानी फुटबॉलचा संघ उभा राहिला. फुटबॉल म्हणजे आपण समजतो तो पायाने खेळायचा नव्हे, तर लंबगोल चेंडू छातीशी धरून, अंगावर येणाऱ्या माणसांना धडका देत पुढे सरकण्याचा, अमेरिकनांनी रग्बीपासून घडविलेला दांडगा खेळ. वॉल्टर कॅम्प यांच्या पुढाकाराने १८८० व १८८२ साली त्याच्या नियमांत जे फेरफार झाले, त्यांनी या कुळकथेची जमीन तयार केली असे म्हणावे लागते. कारण त्या नियमांनुसार चेंडू एका संघाच्या निर्वेध ताब्यात राहू लागला, तीन प्रयत्नांत पाच यार्ड पुढे सरकण्याचे बंधन आले, आणि प्रत्येक प्रयत्नानंतर खेळ क्षणभर थांबू लागला. रग्बीच्या अखंड धुमश्चक्रीत सल्लामसलतीला सवड नसते. येथे ती दर मिनिटाला मिळू लागली. या सवडीत ऐकू येणारे संघ काय करीत? दोन्ही फळ्या समोरासमोर ओणव्या झाल्या, की क्वार्टरबॅक, म्हणजे चाल ठरविणारा खेळाडू, मोठ्याने काही आकडे ओरडे आणि त्या सांकेतिक आकड्यांवरून त्याच्या गड्यांना पुढची चाल कळे. गॅलॉडेटचा क्वार्टरबॅक हेच काम हातांनी करी. ऐकू येणाऱ्या कॉलेजांविरुद्ध खेळताना तर ही चैनच होती, कारण प्रतिपक्षाच्या डोळ्यांदेखत सगळा बेत सांगितला तरी त्यांना त्यातले अक्षर कळत नसे.

अडचण आली ती स्वकीयांशी गाठ पडली तेव्हा. १८९२ ते १८९५ या काळात पॉल हबर्ड हा संघाचा क्वार्टरबॅक होता. गड्यांनी त्याचे नाव ‘ईल’ ठेवले होते, आपण त्याला वाम म्हणू, कारण त्या माशासारखा तो हातांतून निसटून जाई. आता प्रतिपक्षी बधिरांचाच दुसरा संघ आहे अशी कल्पना करा. हबर्ड फळीमागे उभा राहून छातीपाशी हात उचलतो, चेंडू कोणी घ्यायचा, कोणत्या बगलेने निघायचे, वाट कोणी मोकळी करायची हे चारदोन खुणांत सांगतो. आणि समोरच्या फळीतले अकरा गडी, गुडघ्यांवर हात टेकून, मान वर करून, ते सारे शांतपणे वाचीत आहेत. चेंडू हलण्याआधीच त्यांची माणसे त्या बगलेकडे सरकलेली. ओरडून सांगितलेला आकडा निदान बदलता येतो. येथे तर संघाची मातृभाषाच शत्रूची मातृभाषा होती. तेव्हा हबर्डने गड्यांना फळीपासून चार पावले मागे बोलावले, त्यांचे घट्ट रिंगण केले, त्यांच्या पाठी बाहेर व तोंडे आत वळविली, आणि त्या मांसाच्या तटबंदीत, कमरेशी हात ठेवून, पुढची चाल सांगितली. हे रिंगण म्हणजेच हडल, आपल्या भाषेत कोंडाळे. कॉलेजाच्या परंपरेनुसार हे साल १८९४. कोणी ते दोन वर्षे मागे ओढतात. पुढे हबर्ड कॅन्सस राज्यातील ओलेथा येथील बधिरांच्या शाळेत शिक्षक झाला, १८९९ मध्ये तेथेही त्याने फुटबॉल सुरू केला, आणि आपले कोंडाळे बरोबर नेले.

मला या हकिकतीचे मोल वाटते ते निव्वळ खेळासाठी नव्हे. मिलानच्या विद्वानांना जी भाषा वाटत नव्हती, ती चोरून वाचली जाईल या धास्तीने काही दणकट पोरे खांद्याला खांदा लावून उभी राहिली. मुकाभिनय कोण चोरून पाहतो? जेथे नेमका अर्थ असतो तेथेच चोरी संभवते. हातांची ही भाषा खरोखरीची भाषा आहे, तिच्या खुणा हाताचा आकार, त्याची जागा आणि त्याची हालचाल अशा घटकांपासून शब्दांप्रमाणेच घडतात, हे शास्त्रीय रीतीने मांडावयास १९६० साल उजाडावे लागले; आणि ते काम विल्यम स्टोको या इंग्रजीच्या प्राध्यापकाने याच कॉलेजात बसून केले. हबर्डच्या गड्यांना ही उपपत्ती ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्यांना पाच यार्ड हवे होते.

कोंडाळ्याच्या या वतनाला दावेदार असायचेच. शिकागो विद्यापीठाचे नामांकित प्रशिक्षक अ‍ॅमॉस अलोन्झो स्टॅग यांचे नाव १८९६ च्या सालासह पुढे केले जाते. इलिनॉयचे बॉब झुपके यांचे १९२१ च्या, आणि लाफायेट कॉलेजाचे हर्ब मॅक्रॅकन यांचे १९२४ च्या. मैदानांभोवती हजारोंचा गलका होऊ लागल्यावर आणि प्रतिपक्ष आकड्यांचा उलगडा करू लागल्यावर मोठ्या विद्यापीठांना कोंडाळ्याची गरज भासली, आणि विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात ते सर्वत्र रुळले, हे खरे. गोतसभा बसवून महजर करावयाचा झाला तर माझे मत गॅलॉडेटच्या बाजूने पडेल. रूढी पसरविण्याचे श्रेय झुपके प्रभृतींना अवश्य द्यावे, परंतु ते सारे कानांपासून लपू पाहत होते, आणि कोंडाळ्याची आकृती, तिच्यातल्या त्या बाहेर वळलेल्या पाठी, ही डोळ्यांपासून लपणाऱ्याची आकृती आहे. कानांपासून लपायला कुजबूज पुरते.

आपल्याकडे ही रूढी क्रिकेटच्या वाटेने आली. २००३ च्या विश्वचषकात सौरव गांगुलीच्या संघाने बळी पडताच खांद्यांवर हात टाकून केलेले रिंगण ज्यांनी दूरदर्शनवर पाहिले, त्यांना ते ऐक्याचे प्रतीक वाटले, आणि तसे ते होतेही. गुप्ततेचा मूळ हेतू मात्र त्यातून पार गळून गेला होता.

मूळ संघाची पुढची वाटचाल चढउतारांची आहे. विसाव्या शतकाच्या अखेरीस त्याला राष्ट्रीय क्रीडासंघटनेच्या स्पर्धेतून बाहेर पडून काही वर्षे क्लबाच्या दर्जावर खेळावे लागले, २००५ मध्ये त्याच दर्जावर तो एकही सामना न हरता राहिला, २००७ मध्ये परतला, आणि २०१३ मध्ये प्रथमच राष्ट्रीय बादफेरीत पोचला. या प्रवासातली मला सर्वांत आवडती वस्तू म्हणजे एक भला मोठा ढोल. फळी ओणवी झाली, एक हात जमिनीला टेकला, की बाजूरेषेवर त्या ढोलावर टोले पडत आणि कितव्या टोल्याला उसळायचे हे खेळाडूंना छातीत आणि तळव्यांत कळे. युक्ती मर्दानी खरी, परंतु त्यात एक गंमत होती, की तो ढोल मैदानावर प्रतिपक्षालाही ऐकू जाई, किंबहुना त्यांना तो अधिक चांगला ऐकू जाई! पुढे ढोल मागे पडला आणि चेंडू हलताना डोळ्याच्या कोपऱ्याने टिपण्यावर भिस्त आली.

१९९४ मध्ये, म्हणजे हबर्डच्या कोंडाळ्यानंतर बरोबर शंभर वर्षांनी, अमेरिकेच्या व्यावसायिक लीगने क्वार्टरबॅकच्या शिरस्त्राणात रेडिओ बसविण्यास मंजुरी दिली आणि प्रशिक्षकाचा आवाज थेट त्याच्या कानात पोचू लागला. ज्या घराण्यात कोंडाळे जन्मले, त्याला मात्र या सोयीचा काडीचाही उपयोग नव्हता. ती उणीव भरून काढणारे शिरस्त्राण एटी अँड टी कंपनीच्या सहकार्याने तयार झाले : प्रशिक्षकाने हातातल्या पाटीवर चाल निवडली, की तिचे नाव क्वार्टरबॅकच्या डोळ्यासमोरील छोट्या भिंगावर अक्षरांत उमटते. ७ ऑक्टोबर २०२३ रोजी, एका सामन्यापुरत्या खास परवानगीने, हिल्बर्ट कॉलेजाविरुद्ध ते प्रथम वापरले गेले. मोसमातले पहिले चारही सामने हरलेला गॅलॉडेटचा संघ तो सामना ३४-२० असा जिंकला. भिंगावरची अक्षरे त्या एकट्या क्वार्टरबॅकलाच दिसत होती. उरलेल्या दहा जणांना ती सांगण्याचे काम त्याच्या हातांकडेच राहिले होते.