अलंकार आणि संमती

स्त्रियांच्या अंगावरील दागिने हा इतिहासाच्या अभ्यासकाने विचार करण्याजोगा विषय आहे, असे म्हटल्यास पुष्कळांस हसू येईल. लढाया आणि तह, राजे आणि दिवाण यांना सोडून पाटल्या-बांगड्यांच्या हिशेबात कोणी शिरावे? तथापि कुटुंब हे समाजातील पहिले राज्य आहे, हे एकदा मान्य केले म्हणजे त्या राज्यातील हुकूम कसे सुटतात, ते कोणत्या कारणाने पाळले जातात आणि मायेच्या माणसांत सत्ता कोणता वेष घेऊन वावरते, हे पाहणेही इतिहासकाराचे कर्तव्य ठरते. आणि त्या कामी दागिन्याइतके बोलके साधन दुसरे नाही. वर्धा जिल्ह्यात राहणाऱ्यास तर ते शोधण्याकरिता फार दूर जावे लागत नाही.

जॉन स्टुअर्ट मिल याचा स्त्रियांच्या पारतंत्र्यावरील निबंध १८६९ साली प्रसिद्ध झाला. त्यातील एक विचार मला नेहमी मार्मिक वाटत आला आहे. इतर धन्यांचे काम चाकराच्या भीतीवर भागते. पुरुषास मात्र बायकोची नुसती आज्ञाधारकता पुरत नाही, तिचे मनही हवे असते. हुकूम तर पाळला जावाच, पण तो हौसेने पाळला जावा, अशी त्याची इच्छा असते. अलीकडे, १९८३ साली, आर्ली हॉकशील्ड या अमेरिकन विदुषीने हाच धागा पुढे नेला. कोणत्या प्रसंगी काय वाटले पाहिजे याचेही समाजात नियम असतात आणि ते पाळण्याकरिता माणसे आपल्या मनावर खरोखरीची मेहनत घेत असतात, असे तिने दाखविले. आता हे विचार मनात ठेवून तीन गोष्टींकडे पाहू.

पहिली गोष्ट वर्ध्यातील एका मुलाची. जमनालाल बजाज यांचा जन्म १८८९ साली राजस्थानातील सीकरच्या मुलखात झाला. वर्ध्याचे धनाढ्य व्यापारी शेट बच्छराज यांनी त्यांस नातू म्हणून आपल्या घरी दत्तक घेतले. जमनालाल सतरा वर्षांच्या सुमारास असता एका लग्नसमारंभास जाण्याची वेळ आली. घराण्याच्या इभ्रतीस शोभतील असे दागिने नातवाने अंगावर घालावे, असा आजोबांचा आग्रह. आणि मुलाचा साफ नकार. आजोबांचा राग अनावर झाला व त्यांनी आपल्या संपत्तीची आठवण करून दिली. तेव्हा त्या मुलाने त्या संपत्तीवरील सारा हक्क सोडल्याचे पत्र लिहिले आणि घर सोडले. पुढे समेट झाला. परंतु त्या दिवशी त्याला जे कळले, ते पुष्कळांस जन्मभर कळत नाही. प्रेमाने अंगावर चढविलेला दागिना ही साखळीही असू शकते, हे ते ज्ञान होय.

दुसरी गोष्ट दक्षिण आफ्रिकेतील, १९०१ सालची. स्वदेशी परत निघालेल्या गांधीजींस तेथील हिंदी लोकांनी मोलाच्या भेटी दिल्या. त्यांत कस्तुरबांकरिता पन्नास गिनी किमतीचा सोन्याचा हार होता. सार्वजनिक सेवेचा मोबदला घेणे अयोग्य, म्हणून सर्व भेटी विश्वस्त निधीत ठेवावयाच्या, असा गांधीजींनी निश्चय केला. पत्नी सहजी रुकार देणार नाही हे जाणून त्यांनी प्रथम मुलांस आपल्या बाजूस वळवून घेतले. नंतर जो वाद झाला, तो त्यांनी स्वतःच आत्मकथेत प्रांजळपणे नमूद केला आहे. उद्या सुना येतील, त्यांना काय घालू, असे बांनी विचारले. ही भेट तुझ्या सेवेबद्दल की माझ्या, असे पतीने विचारताच त्यांनी उत्तर दिले की, तुमची सेवा ती माझीही सेवा. तुमच्याकरिता मी रात्रंदिवस राबले, ते कोणत्या खात्यात घालावयाचे?

हा युक्तिवाद कोणत्याही न्यायसभेत टिकण्याजोगा आहे. आपल्या धर्मशास्त्राने स्त्रीधन ही स्त्रीची स्वतःची मालमत्ता मानली. पतीने ते खर्चिल्यास परत करण्याचे बंधन त्यावर नाही, असे प्रसंग याज्ञवल्क्याने दुष्काळ, धर्मकार्य, व्याधी आणि बंदिवास एवढेच सांगितले. तो हार काटेकोर अर्थाने स्त्रीधन ठरला असता की नाही, हा वाद येथे नको. मुद्दा असा की, जिला शेत नाही, पेढी नाही, वारसा नाही, अशा स्त्रीच्या हाती अडीअडचणीस उपयोगी पडणारी वस्तू म्हणजे दागिनाच. सुनांचे नाव पुढे करणाऱ्या बांच्या बोलण्यात लोभ होता असे मला वाटत नाही. त्यात संसारी दूरदृष्टी होती. अखेरीस पतीचीच सरशी झाली. संमती कशीबशी पदरात पाडून घेतली, असे ते स्वतःच सुचवितात. पुढे पत्नीसही तो निर्णय पटला, असेही ते लिहितात. परंतु यावर बांची साक्ष त्यांच्या स्वतःच्या लेखणीने आपल्यापुढे आलेली नाही.

तिसरी गोष्ट पुन्हा वर्ध्याची. दागिने नाकारून घर सोडणारा तो मुलगा पुढे जानकीदेवींचा पती आणि गांधीजींचा मानसपुत्र झाला. सोन्याचा त्याग करावा हा विचार त्यास पटला, तेव्हा त्याने पत्नीसही तसे सुचविले. जानकीदेवींनी दागिने उतरविले ते कायमचेच. पडदा गेला, रेशीम गेले, विलायती कपडे होळीत पडले व खादी आली. १९२८ साली वर्ध्याचे लक्ष्मीनारायण मंदिर हरिजनांस खुले झाले, त्यातही त्या पतीच्या बरोबरीने उभ्या राहिल्या. आजोबांनी दागिने घाल म्हटले, तेव्हा नातू बंड करू शकला. पतीने दागिने उतरव म्हटले, तेव्हा पत्नीने ते उतरविले. पहिल्याचे बंड व दुसरीचे पालन या दोहोंचे आपण सारखेच कौतुक करतो. या कौतुकात काही विसंगती आहे काय, असा प्रश्न मात्र आपण सहसा विचारीत नाही.

घाईने कोणी म्हणेल की ही निव्वळ पुरुषी सत्ता होय. मला तसे म्हणवत नाही. या पुरुषांनी जे मागितले, ते आधी स्वतः दिले होते. स्वतः चैन करून बायकोस वैराग्य शिकविणारे हे नव्हेत. तसल्यांचा समाचार आमच्याच वऱ्हाडात, बुलढाण्यास, ताराबाई शिंदे यांनी १८८२ सालीच ‘स्त्रीपुरुषतुलना’ लिहून घेतला होता. परंतु खरी अडचण येथेच सुरू होते. दुष्ट नवऱ्याच्या बायकोस शेजारपाजारची सहानुभूती मिळते. साधुपुरुषाच्या बायकोने ‘नाही’ म्हटले तर तिच्या बाजूने उभे राहण्यास कोणीच नसते. पतीची इच्छा आणि धर्म एकरूप झाले म्हणजे नकार हा नुसता हट्ट राहत नाही, तो अधर्म ठरतो. १९३८ साली कस्तुरबा पुरीच्या जगन्नाथमंदिरात दर्शनास गेल्या. तेथे हरिजनांस प्रवेश नव्हता. गांधीजींस त्याचा अतिशय क्लेश झाला आणि तो त्यांनी जाहीरपणे बोलून दाखविला. तत्त्वाच्या बाजूने पाहता ते सर्वस्वी बरोबर होते. तरीही एका वृद्ध स्त्रीची देवदर्शनाची ओढ अशी चारचौघांत अपराध ठरावी, याची हळहळ वाटल्यावाचून राहत नाही.

उलटपक्षी, बांस केवळ सोसणारी मूर्ती मानणे हाही त्यांच्यावर अन्याय होईल. आपल्या सक्तीपुढे पत्नीने निश्चयाने केलेला विरोध व मुकाट्याने सोसलेले दुःख यांपासून आपण अहिंसेचा पहिला पाठ घेतला, असे गांधीजी सांगत. म्हणजे ज्या शस्त्राने पुढे एक साम्राज्य जेरीस आले, त्याची पहिली परीक्षा घरातच झाली होती, आणि ते तेथे पत्नीच्या हाती होते.

गेल्या वर्षी काही विद्यार्थ्यांसह मी सेवाग्रामला गेलो होतो. १९३६ साली गांधीजी तेथे राहावयास आले, तेव्हा आदिनिवास ही एकच वास्तू होती. पतीचे सहकारी आणि पाहुणे यांच्या गर्दीत, एकाच दालनात, बांनाही राहावे लागे. तेथे बाईमाणसास आडोसा म्हणून नव्हता. पुढे जमनालालजींनी त्यांच्याकरिता निराळी लहानशी कुटी बांधविली. तीच बा कुटी. सर्व पाहून झाल्यावर एका विद्यार्थिनीने मला विचारले, “सर, बांना स्वतःची खोली हवी, हे आधी कोणाच्याच लक्षात आले नाही का?” मी इतिहासाचा अध्यापक, कार्यकर्त्यांची गर्दी, साधनांची टंचाई इत्यादी कारणे मी सांगितली. ती खोटी नव्हती. तिच्या प्रश्नाचे उत्तर मात्र त्यांत नव्हते.

त्या प्रश्नाचा मी नंतर पुष्कळ विचार केला. जवळच्या नात्यात सत्ता नसते, असे नाही, ती असणारच. आई मुलावर, पती पत्नीवर, पत्नी पतीवर, गुरू शिष्यावर ती चालवितात, आणि तीवाचून माया टिकते असेही दिसत नाही. पाहावयाचे ते इतकेच की, समोरच्यास ‘नाही’ म्हणण्याची जागा उरली आहे काय, आणि तसे म्हटल्यावरही त्यास आपले घर आपलेच वाटते काय. जमनालालजींस घर सोडून पुन्हा सन्मानाने परतता आले. ती मोकळीक त्या काळच्या किती स्त्रियांस होती? जानकीदेवींचे पुढील आयुष्य या दृष्टीने मननीय आहे. १९४२ च्या फेब्रुवारीत पती निवर्तले तेव्हा सती जाण्याचा विचार त्यांच्या मनात आला होता. गांधीजींनी त्यांस पतीच्या अपुऱ्या कामाकडे वळविले. त्यानंतर त्यांनी गोसेवेचे कार्य चालविले, १९५६ साली पद्मविभूषण हा सन्मान स्वीकारला व आपली जीवनकथाही सांगितली. पतीच्या इच्छेने सुरू झालेला त्याग पुढे त्यांचा स्वतःचा झाला. तो कोणत्या दिवशी झाला, हे बाहेरच्याने ठरवू नये.

कस्तुरबा २२ फेब्रुवारी १९४४ रोजी पुण्यास आगाखान पॅलेसमध्ये कैदेत असतानाच वारल्या. पतीने कातलेल्या सुताचे लुगडे नेसवून त्यांस अग्नी दिला गेला. अस्थी वेचताना राखेत काचेच्या पाच बांगड्या अभंग सापडल्या, असे सांगतात. सोन्याचा हार कधीच निधीत गेला होता. या बांगड्या मात्र त्यांच्याकडे कोणी मागितल्या नव्हत्या.