अंजिराला मराठीत काय म्हणायचं?

गेल्या रमजानच्या आधी सातवीच्या वर्गाला मी एक छोटं काम दिलं होतं. ‘आमच्या घरातला एक पदार्थ’ या विषयावर दहा ओळी. आमची शाळा उर्दू माध्यमाची, मी तिथं उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. बहुतेकांनी बिर्याणी किंवा शीरखुर्मा लिहिला. जोगेश्वरीहून येणाऱ्या एका मुलीनं मात्र वेगळंच लिहिलं:

“माझे अब्बा गाडीवर फळं विकतात. जे अंजीर नरम पडतात ते कोणी घेत नाही. अम्मी त्यात पनीर, अक्रोड आणि पिस्ता भरून तव्यावर भाजते. वरून मध टाकते. इफ्तारला आम्ही तेच खातो.”

मी लाल पेनानं अंजीर, पनीर आणि पिस्ता या तीन शब्दांखाली रेघ ओढली आणि समासात लिहिलं, ‘मराठी शब्द वापर.’ अक्रोड का सुटला, हे आज सांगता येणार नाही. वही परत मिळाल्यावर मुलगी टेबलापाशी येऊन उभी राहिली. उद्धटपणे नाही, खरंच कळावं म्हणून तिनं विचारलं, “सर, अंजीरला मराठीत काय बोलतात?”

मी ‘उंबर’ म्हणायला तोंड उघडलं आणि मिटलं. उंबर आणि अंजीर एकाच कुळातले खरे. दोघांचीही फुलं फळाच्या पोटात लपलेली असतात, बाहेरून दिसत नाहीत. पण उंबराचं फळ वेगळं, झाड वेगळं. गाडीवर जाऊन कोणी अर्धा किलो उंबरं मागत नाही. “उद्या सांगतो,” म्हणून मी वेळ मारून नेली. त्या उद्याला बरेच दिवस लागले. त्या दिवसांत जे वाचलं, जे आठवलं, ते इथं लिहितो आहे.

घरी येऊन पहिल्यांदा मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश उघडला. त्याची सुधारलेली आवृत्ती 1857ची. त्यात शब्द कुठून आला याची खूण दिलेली असते. अंजीर त्यात आहे. मूळ फारसी, पण मराठी कोशात, मराठी शब्द म्हणूनच. पिस्ता आणि बदामही फारसीतून आलेले. ‘मेवा’ म्हणजे फारसीत फळ. ‘बेदाणा’ म्हणजे ज्यात दाणा, म्हणजे बी नाही तो. ‘जर्दाळू’ म्हणजे जर्द आलू, पिवळा आलुबुखारा. सत्यनारायणाच्या प्रसादात बेदाणा घालणाऱ्या किंवा दिवाळीच्या फराळाबरोबर सुका मेवा वाटणाऱ्या कोणालाही आपण फारसी बोलतो आहोत असं वाटत नाही, आणि वाटायचं कारणही नाही.

आता एक गोष्ट आपल्या लोकांसाठी. कुराणातल्या 95व्या सूरेचं नाव ‘अत्-तीन’. तीन म्हणजे अंजीर. ही सूरा आपल्या घरातल्या लहान मुलांनाही पाठ असते. पण फळ हातात आल्यावर आपण त्याला तीन म्हणत नाही, अंजीरच म्हणतो. अरबी शब्द नमाजेत राहिला आणि बाजारात फारसी शब्द आला. म्हणजे या फळाचं नाव आपल्याकडे धर्मग्रंथातून आलेलं नाही, ते व्यापारी, माळी आणि दरबार यांच्याबरोबर इराणकडून आलं. हिंदू शेतकऱ्यानं ते जिथून घेतलं तिथूनच आपणही घेतलं.

फळ पोकळ करून त्यात सुका मेवा भरायचा, मग त्याला आच द्यायची आणि वरून गोड घालायचं, ही रीत जुनी आहे. मुहम्मद बिन हसन अल-बगदादी यांनी 1226 मध्ये बगदादमध्ये ‘किताब अल-तबीख’ हे पाकशास्त्राचं पुस्तक लिहिलं. त्यात ‘रुतब मुअस्सल’ नावाचा पदार्थ आहे. ताज्या खजुराची बी काढायची, तिच्या जागी सोललेला बदाम ठेवायचा आणि ते खजूर केशर घातलेल्या मधात शिजवायचे. पुस्तक लिहिल्यानंतर अवघ्या 32 वर्षांनी, 1258 मध्ये, मंगोलांनी बगदाद उद्ध्वस्त केलं. बगदादमधली खलिफाची सत्ता संपली, ग्रंथालयं गेली. पण बी काढलेल्या खजुरात बदाम भरायची रीत टिकली. रमजानमध्ये मोहम्मद अली रोडवर बदाम भरलेले खजूर आजही विकायला असतात. आमच्या विद्यार्थिनीची अम्मी त्याच रीतीनं चालली आहे, फक्त तिच्याकडे खजुराऐवजी पुरंदरचं अंजीर आहे.

दख्खनच्या फळबागांबद्दल चौदाव्या शतकातला एक साक्षीदार आहे, मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता. तो दौलताबादला आला होता. तिथं द्राक्षं आणि डाळिंबं वर्षातून दोनदा येतात, असं त्यानं नोंदवलं आहे. त्याला याचं नवल वाटलं, पण महाराष्ट्रातल्या शेतकऱ्याला वाटणार नाही. डाळिंबवाला आजही विचारतो, “यंदा मृग बहार धरला की हस्त?” मृग आणि हस्त ही आपली नक्षत्रं, संस्कृतातून आलेली. बहार फारसी, अर्थ वसंत. दोन्ही शब्द एकाच श्वासात येतात आणि कोणाला अडखळायला होत नाही. अंजिराचे बहारही दोन आहेत, खट्टा आणि मीठा. खट्ट्याची फळं हिवाळ्यात येतात, मीठ्याची उन्हाळ्याच्या तोंडाशी. नावाप्रमाणे गोडी मीठ्यालाच जास्त.

हे अंजीर पिकतं पुणे जिल्ह्यात, पुरंदर तालुक्यात. सासवडच्या आसपास दिवे, सोनोरी, गुऱ्होळी या गावांत त्याच्या बागा आहेत. पुरंदरच्या अंजिराला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. महात्मा फुल्यांचे पूर्वज याच तालुक्यातल्या खानवडीत राहायला आले होते. मुंबईत 1869 मध्ये बांधून झालेल्या क्रॉफर्ड मार्केटला आज फुल्यांचंच नाव आहे. पुरंदरच्या फळाला फुले मंडईचं गिऱ्हाईक मिळावं, हा योगायोग मला आवडतो. घाऊक फळबाजार नव्वदच्या दशकात वाशीला गेला. विद्यार्थिनीचे अब्बा पहाटे तिथूनच माल उचलतात आणि दुपारपर्यंत अंधेरीत गाडी लावतात.

पिकलेलं अंजीर फार तर एक-दोन दिवस टिकतं. साल पातळ असते, धक्का लागला की फुटते, उन्हात आंबायला लागते. संध्याकाळी गाडीवर जे उरतं ते दुसऱ्या दिवशी विकलं जात नाही. म्हणून ते घरी येतं आणि भाजलं जातं. आच लागली की आंबणं थांबतं. हॉटेलात हा पदार्थ ताटलीत सजून येईल तेव्हा त्याला शाही, मुघलाई असं काही नाव मिळेल. जोगेश्वरीतल्या त्या घरात तो न खपलेल्या मालाचा पदार्थ आहे.

पालक सभेला त्या मुलीची अम्मी आली तेव्हा मी कृती विचारून घेतली. बारा अंजिरांना अर्धा लिटर म्हशीचं दूध पुरतं. दूध उकळलं की लिंबू पिळून नासवायचं, फडक्यात बांधून पाणी निथळू द्यायचं. तयार झालेलं पनीर तळव्यानं मऊ मळायचं. अक्रोड आणि पिस्त्याची भरड, चमचाभर गूळ आणि वेलची त्यात मिसळायची. अंजिराचा देठ काढून वरून निम्म्यापर्यंत चौफुली चीर द्यायची, बोटांनी हलकं दाबलं की फळ उमलतं. त्यात सारण भरायचं. तव्यावर तूप सोडून अंजिरं उभी ठेवायची, वर झाकण, आच मंद. सात-आठ मिनिटांत फळ खाली बसतं, रस सुटून तव्यावर तांबूस, चिकट होतो. गॅस बंद केल्यावरच मध घालायचा. “सर, जास्त हलवायचं नाही,” तिनं बजावलं, “नाहीतर पनीर बाहेर येतं.”

दूध आणायचं जोगेश्वरीच्या तबेल्यातून. मुंबईतल्या म्हशी शहराबाहेर न्याव्यात म्हणून 1949 मध्ये गोरेगावला आरे दूध वसाहत उभी राहू लागली. त्यामागे होते दारा खुरोडी, ज्यांना पुढे 1963 मध्ये वर्गीस कुरियन आणि त्रिभुवनदास पटेल यांच्याबरोबर मॅगसेसे पुरस्कार मिळाला. उपनगरातले काही तबेले मात्र आपल्या जागी राहिले, आणि जोगेश्वरीच्या गल्ल्यांत अजून ताजं दूध मिळतं.

पनीर हा शब्दही फारसी. पण दूध नासवून गोड करायची विद्या इराणकडून शिकावी लागली, असं नाही. बाराव्या शतकात चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा यानं ‘मानसोल्लास’ रचला. त्याची राजधानी कल्याण, म्हणजे आजचं बसवकल्याण, मराठवाड्याला लागून असलेल्या बीदर जिल्ह्यातलं. महाराष्ट्रातल्या बाया कांडताना ओव्या गातात, हे ज्या ग्रंथात नोंदवलं आहे तोच हा ग्रंथ. आंबट घालून दूध फाडायचं, चोथा तांदळाच्या पिठात मळायचा, तुपात तळून साखरेत घोळवायचा, असा पदार्थ त्यात आहे. म्हणजे वस्तू इथं होती, नाव नंतर आलं.

फळ भरून भाजण्याचंही तसंच. आमच्या शाळेत वसईहून येणाऱ्या एक ज्येष्ठ बाई आहेत. हे सगळं मी त्यांना सांगत होतो, तर त्या हसून म्हणाल्या, “अहो सर, मग आमची भरली केळी काय आहेत?” दुसऱ्या दिवशी डबा घेऊन आल्या. राजेळी केळं मधून चिरलेलं, त्यात ओलं खोबरं, साखर आणि वेलची, तुपावर खरपूस भाजलेलं. बोरिवलीच्या पुढे खाडी ओलांडली की घराघरांत होणारा पदार्थ. केरळचे मुसलमानही शिजलेल्या केळ्याच्या लगद्यात खोबऱ्याचं सारण भरून ‘उन्नक्काया’ करतात. समुद्राकाठी बदाम-अक्रोड कुठून येणार? तिथं नारळ आहे. आणि या नारळाचं संस्कृत नाव नारिकेल, ते इराणात नारगील झालं, अरबांकडे नारजील. शर्करेची शकर झाली, मग सुक्कर. आपण त्यांच्याकडून अंजीर आणि पिस्ता घेतला, त्यांनी आपल्याकडून साखर आणि नारळ. बगदादच्या त्या पुस्तकात साखरेवाचून मिठाईचं पान हलत नाही.

भाषा शुद्ध करायचे प्रयत्न झाले, आणि ते सगळे वाया गेले असं मी म्हणणार नाही. शिवछत्रपतींच्या आज्ञेनं रघुनाथ पंडितांनी ‘राजव्यवहारकोश’ केला, कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. राज्य आपलं, तर त्याचे शब्द आपले असावेत, ही भावना समजण्यासारखी आहे. सावरकरांनी दिलेले ‘महापौर’ आणि ‘दिनांक’ आपण रोज वापरतो. पण फळवाल्याच्या गाडीवर हा आग्रह चालला नाही. तिथं माल विकायचा असतो, आणि जो शब्द गिऱ्हाइकाला कळतो तोच खरा.

हट्ट आपल्या बाजूलाही आहे. पनीर आणि मेवा म्हटलं की ‘ही तर आमची मुघलाई’ म्हणून छाती काढणारे मी पाहिले आहेत. त्यांनी वसईच्या बाईंचा डबा एकदा खाऊन पाहावा.

आता माझ्या लाल रेघेकडे येतो. फारसी शब्द शोधायचेच होते, तर त्या मुलीच्या ओळींतला ‘नरम’ही फारसीच. तो माझ्या नजरेतून सुटला, कारण तो मला माझा वाटला. ज्या शाईनं रेघ मारली ती ‘शाई’सुद्धा फारसी सियाहीतून आलेली. मग मी त्या तीनच शब्दांखाली रेघ का मारली? खरं सांगायचं तर भीतीनं. आमच्या मुलांचं मराठी बाहेर कोणी ऐकलं आणि ‘हे तर उर्दू बोलतात’ म्हणालं तर, ही भीती मी वीस वर्षं बरोबर घेऊन फिरतो आहे. मुलीच्या वहीत ती मीच उतरवली.

मराठीचा शिक्षक म्हणून दुरुस्त करण्यासारखी चूक तिच्या लिखाणात होती, ती मी पाहिलीच नाही. तिनं ‘जे अंजीर नरम पडतात’ लिहिलं होतं. मराठीत अंजीर नपुंसकलिंगी. एक अंजीर, पुष्कळ अंजिरं. अंजिराचा, अंजिराला. प्रत्यय लागताना दीर्घ ‘जी’ ऱ्हस्व होते, जशी शरीराची ‘री’ होत नाही पण जमिनीची ‘मी’ होते. जमीनही फारसीच. मराठीनं हे शब्द नुसते उसने घेतले नाहीत, त्यांना आपलं व्याकरण लावलं. पनीर अजून तेवढं मुरलेलं नाही, आपण ‘पनीरची भाजी’ म्हणतो. आणखी काही पिढ्यांनी कदाचित ‘पनिराची’ म्हणू.

मी वही मागून घेतली. तिन्ही रेघा खोडल्या, समासातलं वाक्य खोडलं आणि खाली लिहिलं: ‘जी अंजिरं नरम पडतात ती कोणी घेत नाही.’ तिनं वाचलं, मान हलवली आणि विचारलं, “म्हणजे अंजीर चालेल ना सर?”

“चालेल,” मी म्हणालो. “फक्त ‘अंजिराला’ म्हण.”