चौक

चौक : वारली जमातीत लग्नप्रसंगी घराच्या आतील भिंतीवर तांदळाच्या पिठाने काढण्यात येणारी चौकोनी मंगल आकृती, तसेच त्या आकृतीने सीमित झालेले देवतेचे स्थान. पालघर जिल्ह्यातील (१ ऑगस्ट २०१४ पूर्वी ठाणे जिल्हा) जव्हार, मोखाडा, विक्रमगड, डहाणू व तलासरी या तालुक्यांत आणि लगतच्या गुजरात व दादरा-नगरहवेली भागांतील वारली वस्तीत ही प्रथा आढळते. ‘चौक’ हा शब्द मराठीत सर्वपरिचित आहे. तथापि जव्हार-मोखाड्याच्या डोंगराळ मुलखात त्याला जो अर्थ आहे, तो शहरी मराठीतून जवळजवळ लुप्त झाला आहे. वारली चित्रांविषयीच्या अलीकडील लोकप्रिय लेखनात चौकाचे वर्णन ‘चौरस’ एवढ्यावरच आटोपले जाते. हे वर्णन अपुरे आहेच, शिवाय दिशाभूल करणारेही आहे.

शब्दाची व्युत्पत्ती सरळ आहे. संस्कृत ‘चतुष्क’ (चारांचा समूह), प्राकृत ‘चउक्क’, मराठी ‘चौक’ असा त्याचा प्रवास. संस्कृतातही या शब्दाचा वापर मोजणीपुरता मर्यादित नव्हता. चार खांबांवर उभारलेला मंडप, चार बाजूंनी बांधलेले अंगण व चार रस्ते मिळतात ती जागा हे अर्थ त्याला फार पूर्वी प्राप्त झाले होते. कालिदासाच्या कुमारसंभवात, सातव्या सर्गात, विवाहापूर्वीच्या मंगलस्नानासाठी स्त्रिया पार्वतीला नेतात, ते स्थान चतुष्कच होय. शब्द, विवाह आणि सुवासिनी यांचा असा एकत्र उल्लेख संस्कृत काव्यात आढळावा, हा योगायोग लक्षणीय आहे. मात्र त्यावरून वारली प्रथेचे मूळ अभिजात संस्कृतीत शोधण्याचे कारण नाही. उलट, लोकाचारातील एक जुनी कल्पना काव्यात प्रतिबिंबित झाली असेल, ही शक्यता अधिक वाटते.

मराठीत या एका शब्दाचा परिवार मोठा आहे. पाढ्यांतील ‘बे चोक आठ’ मधील चोक, दाराची चौकट, पत्त्यांतील चौकट हे सर्व त्याचे सगोत्र. वाड्याच्या मधोमध उघडे ठेवलेले, चारही बाजूंना सोपे असलेले अंगण म्हणजे चौक. वाड्याचा मोठेपणा त्याच्या चौकांच्या संख्येवरून सांगण्याची पद्धत होती. पुण्यातील दुसऱ्या बाजीरावाचा विश्रामबाग वाडा असा तीन चौकी आहे. पोवाड्याच्या कडव्यांच्या एका गटालाही चौक म्हणतात. गावात रस्ते मिळतात तो चौक तर सर्वांच्याच तोंडी आहे. गोंधळ-जागरणात पाटावर वस्त्र अंथरून, त्यावर धान्य घालून कलश मांडतात, त्या मांडणीसही चौक म्हणतात आणि ती करण्याला ‘चौक भरणे’ किंवा ‘चौक मांडणे’ असे म्हणतात. उत्तर भारतातील ‘चौक पूरना’, म्हणजे मंगलप्रसंगी पिठाने जमिनीवर आकृती रेखणे, हा प्रयोग याच जातीचा आहे.

या सर्व अर्थांमध्ये एक सूत्र आहे. चौक म्हणजे चार बाजूंची आकृती नव्हे, तर चार बाजूंनी राखलेली जागा. आत काहीतरी घडावे, कोणीतरी येऊन बसावे, म्हणून ती मोकळी ठेवलेली असते. भूमितीत हा शब्द आला नाही, हे म्हणूनच स्वाभाविक आहे. मराठी शालेय गणितात चार बाजूंच्या आकृतीला ‘चौकोन’ (चतुष्कोण) आणि समान बाजू व काटकोन असलेल्या आकृतीला ‘चौरस’ (चतुरस्र) हे शब्द स्थिरावले आहेत. चौकोनाला कोन आहेत, चौरसाला बाजूंचे माप आहे. चौकाला यांपैकी कशाचीच अट नाही. वारली भिंतीवरील चौकाच्या बाजू क्वचितच सारख्या असतात, कारण त्या हाताने व नजरेच्या अंदाजाने रेखलेल्या असतात.

वारली झोपडीच्या भिंती कारवीच्या काठ्यांच्या कुडाच्या असून त्यांवर माती व शेण यांचा लेप देतात. लग्नघरी आतल्या अंधाऱ्या भागातील भिंत निवडून ती सारवली जाते व तिच्यावर गेरूचा हात दिला जातो. तांदूळ भिजवून, वाटून, पाण्यात कालवलेले पीठ हाच रंग. बांबूची काडी टोकाशी चावून मऊ केली की कुंचला तयार होतो. पांढऱ्याखेरीज दुसरा रंग नसतो. हळदकुंकवाचे ठिपके मंगलचिन्ह म्हणून लावले जातात, तेवढाच अपवाद. हे काम सवासिणींचे, म्हणजे ज्यांचे पती हयात आहेत अशा विवाहित स्त्रियांचे. त्या चौक ‘काढतात’ असे म्हणण्याऐवजी चौक ‘लिहितात’ असे म्हणण्याची रीत आहे. जुन्या मराठीलाही चित्र लिहिणे हा प्रयोग परका नाही. ‘चित्रलिखित’ हा शब्द आजही वापरला जातो. गुजरातेतील छोटा उदेपूर भागातील राठवा जमातीत पिठोराची भित्तिचित्रे करणाऱ्यास ‘लखारा’, म्हणजे लिहिणारा, असेच म्हणतात. पिठोराचे चित्रही चौकटीने बंदिस्त केलेले असते, परंतु ते लिहिणारे पुरुष असतात. वारल्यांमध्ये हा मान स्त्रियांचा आहे.

प्रथम चौकाच्या सीमारेषा घातल्या जातात. एका रेषेवर भागत नाही. रेषांचे अनेक पट्टे एकाला लागून एक येतात व त्यांत त्रिकोणांच्या ओळी, नागमोडी रेषा, साखळीसारखे गुंफण, ठिपके अशी नक्षी भरली जाते. काठाची ही भरगच्च वीण आणि आतील मोकळीक यांचा विरोध पाहणाऱ्याच्या डोळ्यांत प्रथम भरतो. मध्यभागी पालघट (पालघाट) या देवतेची आकृती लिहितात. पाल म्हणजे पालवी आणि घट म्हणजे पात्र, अशी या नावाची फोड केली जाते. ती वनस्पतींची, सुफलतेची व विवाहाची देवता मानतात. तिच्या जवळ सूर्य, चंद्र, फणी, शिडी इत्यादी चिन्हे असतात. शेजारी एक लहान चौक असतो. त्यात पंचशिऱ्या हा पाच शिरांचा देव, बहुधा घोड्यावर, दाखविलेला असतो. तो लग्नाचा रक्षक. मोठ्या चौकास सामान्यतः लग्नचौक व लहानास देवचौक म्हणतात. तथापि काही अभ्यासकांनी पालघटाच्या चौकालाच देवचौक म्हटले आहे. ही नावे सर्वत्र एकाच काटेकोर अर्थाने वापरली जात नाहीत, आणि एका पाड्यावरील उत्तर दुसऱ्या पाड्यावर लागू करण्याची घाई करणे इष्ट नाही.

चौकाबाहेर भिंतीवर झाडे, पशुपक्षी, वऱ्हाड, वाजंत्री, शेतातील कामे असा सगळा संसार पसरलेला असतो. दोन त्रिकोण टोकाशी जोडून केलेल्या मनुष्याकृतींनी वारली चित्रांना जी कीर्ती मिळवून दिली, त्या मूळ लग्नचित्रात प्रामुख्याने या बाहेरच्या भागात वावरतात. मूळ विधीत मात्र त्यांचे स्थान दुय्यम आहे. चौक नसेल तर ते चित्र लग्नाचे नव्हे.

वारल्यांचे लग्न ब्राह्मण पुरोहित लावीत नाही. ते लावणारी स्त्री ‘धवलेरी’ होय. विधीच्या ओघात ती गाणी म्हणते, त्यांत देवदेवतांना लग्नास बोलावणे असते. चौक हे या बोलावलेल्या देवतेचे आसन आहे, असे म्हटल्यास त्याचे कार्य स्पष्ट होते. कणसरी, धरतरी, गावतरी या धान्य, भूमी व गोधनाच्या देवता वारल्यांच्या श्रद्धाविश्वात मोठ्या. परंतु लग्नाच्या भिंतीवरील आसन पालघटाचे असते. के. जे. सावे यांनी ‘द वारलीज’ (१९४५) या ग्रंथात या जमातीचे पहिले विस्तृत वर्णन केले. यशोधरा दालमिया यांच्या ‘द पेंटेड वर्ल्ड ऑफ द वारलीज’ (१९८८) या ग्रंथात चौकाच्या विधीचा व चित्रांचा एकत्र विचार आला आहे.

या आसनाची किंमत मोठी होती, हे चौकाच्या इतिहासातील सर्वांत दुर्लक्षित अंग होय. लग्नाला धान्य, ताडी, वस्त्रे व पाहुण्यांचे जेवण लागे. भूमिहीन वारली कुटुंबाजवळ यांतले फारसे काही नसे. म्हणून स्त्री-पुरुष एकत्र राहू लागत, मुलेबाळे होत, आणि लग्न पुढे कधीतरी, पैसा जमला की, लागे. आईवडिलांचे लग्न मुलांच्या देखत, क्वचित मुलांच्या लग्नाबरोबरच, लागल्याची उदाहरणे आहेत. जमात अशा जोडप्याला दूषण देत नसे, परंतु लग्न लागल्याशिवाय विधीतील मान पूर्ण होत नसे. यातून सुटण्यासाठी जो सावकाराकडून वा जमीनदाराकडून लग्नापुरते कर्ज घेई, तो त्याचा ‘लग्नगडी’ होई. कर्ज फिटेपर्यंत त्याने, आणि बहुधा त्याच्या बायकोनेही, धनको सांगेल ते काम करावयाचे. व्याज व हिशेब धनकोच्या हाती असल्यामुळे ते फिटत नसे. एका लग्नासाठी जन्माची गुलामी, असे या पद्धतीचे स्वरूप होते.

१९४५ मध्ये शामराव व गोदावरी परुळेकर यांच्या नेतृत्वाखाली किसान सभेने डहाणू-उंबरगाव भागात जो लढा उभारला, त्यात वेठबिगारीबरोबर लग्नगडी पद्धतीचा अंत ही प्रमुख मागणी होती. गोदावरी परुळेकरांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ (१९७०) या ग्रंथात त्याचे प्रत्यक्षदर्शी वर्णन आहे. जव्हार त्या वेळी मुकणे घराण्याच्या संस्थानात होते. १९४८ मध्ये ते मुंबई राज्यात विलीन झाले. वेठबिगार पद्धती कायद्याने देशभर रद्द झाली ती १९७६ च्या अधिनियमाने. पालघटाच्या चौकाचे आज सौंदर्यदृष्ट्या कौतुक होते, तेव्हा तो लिहिला जावा यासाठी किती घरे गहाण पडली याचे विस्मरण होते. चित्रकलेचा इतिहास आणि कर्जाचा इतिहास वेगवेगळ्या ग्रंथांत लिहिले गेल्याचा हा परिणाम असावा.

योगायोगाने त्याच दशकात चौकाला भिंतीबाहेरची वाट मिळाली. १९७० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत हस्तकलांच्या शासकीय योजनेतून भास्कर कुलकर्णी या भागात आले व त्यांनी वारली स्त्रियांना कागद आणि रंग देऊन चित्रे करविली. डहाणू तालुक्यातील गंजाड येथील जिव्या सोमा म्हसे (१९३४–२०१८) या पुरुषाने, लग्नविधीशी संबंध नसताना, स्वतःच्या आवडीने चित्रे काढली. त्यांना १९७६ मध्ये राष्ट्रीय पुरस्कार व २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. १९८९ मध्ये पॅरिस येथील ‘मॅजिसिएन द ला तेर’ या प्रदर्शनात त्यांची चित्रे मांडली गेली. म्हसे यांची थोरवी वादातीत आहे. मासेमारीचे जाळे, मुंग्यांची रांग, पेरणी असे विषय त्यांनी विधीतून मोकळे केले आणि पुढील पिढीतील शेकडो तरुणांना, त्यांत जव्हार-मोखाड्यातीलही, उपजीविकेचे साधन दाखवून दिले. त्याचबरोबर, कागदाच्या स्वतःच्याच चार कडा असल्यामुळे चौकाची गरज उरली नाही. जे पूर्वी बाहेर होते ते चित्र झाले आणि जे मध्यभागी होते ते काठाची नक्षी होऊन राहिले. आज कापडावर, भांड्यांवर, शहरातील भिंतींवर दिसणारे वारली काम पाहता, त्यात वर्तुळाकार नाच आणि झाडे विपुल आढळतात, पालघट क्वचितच. कारागीर व दुकानदार यांच्या बोलण्यात ‘चौक’ हा शब्द किनारपट्टीच्या नक्षीसाठीही येऊ लागला आहे, हा त्या शब्दाचा सर्वांत नवा अर्थ.

वारली चित्रे दहाव्या शतकापासून वा त्याहूनही कित्येक हजार वर्षांपूर्वीपासून चालत आली आहेत, अशी विधाने माहितीपत्रकांतून वारंवार केली जातात. भीमबेटका येथील शैलचित्रांशी असलेले साम्य हा त्यांचा मुख्य आधार. साम्यावरून परंपरा सिद्ध होत नाही. लग्न आटोपल्यावर चौक जपून ठेवला जात नाही. चुलीचा धूर त्यावर बसतो, पावसाळ्यात भिंतीला ओल येते आणि पुढच्या सारवणात तो झाकला जातो. पुरावा मागे न ठेवणे हेच ज्याचे लक्षण, त्याचे वय शतकांत मोजता येत नाही. शब्दाचे वय मात्र काही अंशी सांगता येते, आणि चतुष्क या शब्दाला चिकटलेला ‘राखलेली जागा’ हा अर्थ वारली भिंतीवर जितका शाबूत राहिला तितका वाड्यात किंवा रस्त्यावर राहिलेला नाही.

अलीकडे पक्क्या घरकुलांच्या सिमेंटच्या भिंतींवर गेरू धरत नाही. सामुदायिक विवाहांत एकाच मांडवात अनेक जोडप्यांची लग्ने लागतात व खर्च बराच कमी होतो. तेथे ज्याच्या त्याच्या घरची भिंत अर्थातच नसते. स्त्रियाही आता विक्रीसाठी कागदावर चित्रे काढतात. असे असले तरी, व्यवसायाने चित्रकार असलेल्या पुरुषाच्या घरीही लग्नाचा चौक लिहिण्याचा मान परंपरेने सवासिणींकडेच जातो.