इमागो : मुखवटा, कीटक आणि प्रतिमा

मानसविश्लेषणाच्या अंगाने जाणारी समीक्षा मराठीतून शिकवताना एक शब्द दरवेळी अडवतो. फ्रॉइड, युंग, लाकाँ या तिघांच्याही लेखनात तो 'इमागो' या मूळ लॅटिन रूपातच येतो. वर्गात त्याचे भाषांतर आपण बहुधा 'प्रतिमा' असे करतो आणि पुढच्या मुद्द्याकडे वळतो. मागे एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, कोशात या शब्दाचा अर्थ 'पूर्ण वाढ झालेला कीटक' असाही दिला आहे. तो इथे कसा लावायचा?" त्या दिवशी मी 'तो विज्ञानातला वेगळा अर्थ' असे उत्तर दिले. ते उत्तर सोयीचे होते, पण पुरेसे नव्हते. या शब्दाचा प्रवास पाहिला तर कीटकशास्त्र आणि मनोविज्ञान यांच्यात तो एका अर्थी निरोप्यासारखा वावरलेला दिसतो. त्या प्रवासाची ही थोडक्यात हकिकत.

लॅटिनमध्ये 'इमागो' म्हणजे साम्य, प्रतिकृती, चित्र. पण प्राचीन रोमच्या सरदार घराण्यांत या शब्दाला आणखी एक नेमका अर्थ होता. कर्तबगार पूर्वजांचे मेणाचे मुखवटे घराच्या दर्शनी दालनात कपाटांतून जपून ठेवलेले असत. त्यांना 'इमागिनेस' म्हणत. घरात कोणी वारले की अंत्ययात्रेत हे मुखवटे बाहेर निघत. मृताच्या बांध्याशी जुळणारी माणसे ते चढवून चालत, असे ग्रीक इतिहासकार पॉलिबियसने इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात नोंदवले आहे. याच शब्दाचा अर्थ काव्यात 'छाया', 'मृताची आकृती' असाही होतो. म्हणजे प्रारंभापासूनच या शब्दात दोन गोष्टी एकत्र नांदत होत्या : खऱ्या माणसाची हुबेहूब खूण, आणि तो माणूस आता नाही याची आठवण.

कीटकांच्या जगात हा शब्द आला तो अठराव्या शतकात. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ कार्ल लिनीअस याने कीटकाच्या आयुष्यातील टप्प्यांसाठी तीन लॅटिन शब्द योजले : लार्वा, प्यूपा आणि इमागो. आपण त्यांना अळी, कोश आणि प्रौढ कीटक म्हणतो. मूळ शब्द मात्र कीटकांचे नव्हतेच. 'लार्वा' म्हणजे पिशाच्च, आणि क्वचित नाटकातला भयाण मुखवटा. 'प्यूपा' म्हणजे लहान मुलगी, बाहुली. (याच शब्दाचे लघुरूप लॅटिनमध्ये डोळ्याच्या मध्यबिंदूला लावले जाते; आपणही त्याला 'बाहुली'च म्हणतो, हा योगायोग लक्षात राहण्यासारखा आहे.) आणि 'इमागो' म्हणजे खरे रूप.

या त्रयीमागची कल्पना इंग्रज कीटकशास्त्रज्ञ कर्बी आणि स्पेन्स यांनी १८१५ ते १८२६ या काळात प्रसिद्ध झालेल्या आपल्या चार खंडांच्या ग्रंथात उलगडून सांगितली आहे. अळीत पुढचा कीटक मुखवट्याआड लपलेला असतो. कोशात तो दुपट्यात गुंडाळलेल्या तान्ह्या मुलासारखा असतो. मुखवटा उतरला, दुपटे सुटले की तो आपल्या जातीची खरी प्रतिमा म्हणून प्रकट होतो. ही शास्त्रीय परिभाषा आहे, पण तिची रचना नाटकाची आहे. पहिल्या अंकातले पात्र वेषांतरात असते आणि शेवटच्या अंकात ओळख पटते.

या नाटकाला एक वादाची पार्श्वभूमी होती. विल्यम हार्वी हा रक्ताभिसरणाचा शोध लावणारा थोर वैद्य. १६५१ मधील आपल्या ग्रंथात त्याने कीटकांचे रूपांतर म्हणजे एका आकारातून दुसऱ्या आकारात झालेला सर्वस्वी बदल मानला होता. मेणाच्या गोळ्यावर शिक्का उमटावा तसा. डच शास्त्रज्ञ यान स्वामरडाम याने १६६९ मध्ये या मताला कडाडून विरोध केला. सुरवंट मरतो आणि त्याच्या जागी फुलपाखरू जन्मते असे नाही. तो एकच जीव आहे, असे त्याचे म्हणणे. १६६८ मध्ये मेदिची घराण्यातील राजपुत्र कोसिमो त्याच्याकडे आला असता त्याने सुरवंटाचे विच्छेदन करून आत घडी घालून ठेवल्यासारखे फुलपाखराचे अवयव दाखवले, ही हकिकत प्रसिद्ध आहे. लिनीअसचे शब्द या पार्श्वभूमीवर वाचले म्हणजे त्यांचा रोख कळतो. मुखवटा आणि चेहरा ही एकाच जीवाची दोन रूपे असतात.

पण एकत्व मान्य करताना लिनीअसच्या शब्दांनी एक निवाडाही करून टाकला. एका जीवाच्या दोन रूपांपैकी शेवटचे ते खरे, आधीचे ते सोंग. हा निवाडा सृष्टीला मान्य आहे का? रेशमाचा किडा घ्या. तुतीची पाने खाणे, वाढणे, रेशीम विणणे हे सारे त्याचे अळीपण आहे. कोशातून निघणारा पतंग काही खात नाही, त्याला धड उडताही येत नाही. मीलन व अंडी घालणे आटोपून तो काही दिवसांत मरतो. आपली भाषा या प्राण्याला अळीच्या नावानेच ओळखते. मेफ्लाय नावाच्या कीटकाचे बालपण पाण्याखाली महिनोन्महिने, काही जातींत वर्षाहून अधिक चालते, आणि पंखांचे आयुष्य काही तासांचे किंवा फार तर काही दिवसांचे असते. त्यातही तो पंख फुटल्यावर पुन्हा एकदा कात टाकतो. त्या आधीच्या पंखधारी अवस्थेला शास्त्रज्ञांना 'उप-इमागो' म्हणावे लागले. 'जवळजवळ खरे रूप' अशी कोटी निर्माण करण्याची पाळी यावी, यातच मूळ रूपकाची ओढाताण दिसते. आणि १८६० च्या दशकात रशियन प्राणिशास्त्रज्ञ निकोलाय वाग्नर याने तर काही बारीक माश्यांच्या अळ्या अळी असतानाच पिलांना जन्म देतात, असे दाखवून दिले. तिथे पिढ्यान्‌पिढ्या मुखवटाच मुखवट्याला जन्म देतो. चेहऱ्याची वाट कोणी पाहत नाही.

विसाव्या शतकाच्या आरंभी हा शब्द साहित्यात आला. स्विस लेखक कार्ल श्पिटेलर (ज्याला पुढे १९१९ चे नोबेल पारितोषिक मिळाले) याची 'इमागो' ही कादंबरी १९०६ मध्ये प्रसिद्ध झाली. तिचा नायक व्हिक्टर आपल्या गावी परततो. ज्या स्त्रीला त्याने मनात देवत्व दिले होते ती आता दुसऱ्याची पत्नी आहे. मनातल्या मूर्तीला तो 'इमागो' म्हणतो आणि समोरच्या हाडामांसाच्या बाईला 'प्स्यूडा', म्हणजे खोटी! लार्वा-इमागोचे जुने नाटकच इथे उलटे मांडले आहे : कल्पनेतली ती खरी, जिवंत आहे ती तोतया.

ही कादंबरी मानसविश्लेषकांच्या वर्तुळात आवडीने वाचली गेली. १९११-१२ मध्ये कार्ल युंगने 'इमागो' ही संज्ञा योजली, तेव्हा त्याने या कादंबरीचा आणि त्याबरोबरच रोमन पूर्वजांच्या 'इमागिनेस'चा निर्देश केला. आईबापांची मुलाच्या मनात जी आकृती तयार होते ती प्रत्यक्ष आईबापांशी तंतोतंत जुळत नाही. ती मुलाच्या भीतीतून आणि ओढीतून घडते आणि पुढे स्वतंत्रपणे जगत राहते. तिला त्याने हे नाव दिले. फ्रॉइडने १९१२ मध्ये हा शब्द युंगचे श्रेय मान्य करून उचलला. त्याच वर्षी व्हिएन्नात 'इमागो' याच नावाचे नियतकालिक निघाले. ऑटो रँक आणि हान्स झाक्स त्याचे संपादक होते आणि साहित्य, कला, धर्म यांना मानसविश्लेषण लावून पाहणे हा त्याचा उद्देश होता. फ्रॉइडच्या 'टोटेम आणि टॅबू'तील निबंध प्रथम इथेच छापले गेले. आपण ज्याला मानसविश्लेषणात्मक समीक्षा म्हणतो तिचे हे जन्मघर.

आता दोन्ही अर्थ शेजारी ठेवून पाहू. कीटकशास्त्रात इमागो वाढीच्या शेवटी येतो, मनोविज्ञानात तो आरंभी असतो. तिथे तो मुखवटा गळल्यावर दिसणारे खरे रूप आहे. इथे तो खऱ्या माणसांवर आपणच चढवलेला, आयुष्यभर न उतरणारा मुखवटा आहे. शब्द एकच, पण बाल्य आणि प्रौढत्व यांपैकी कोणाचे राज्य कोणावर चालते, याची दोन शास्त्रांनी दिलेली उत्तरे परस्परविरुद्ध आहेत. 'प्रतिमा' या भाषांतरात हा ताण पुरता विरून जातो. शिवाय 'प्रतिमा' हा शब्द आपल्या काव्यसमीक्षेत आधीच दुसऱ्या कामाला लागलेला आहे.

लाकाँच्या हाती या शब्दाने पुन्हा कीटकांकडे वळण घेतले. आरशासमोरच्या मुलावरील १९४९ मधील त्याच्या सुप्रसिद्ध निबंधात तो म्हणतो की प्रतिमेला शरीर घडवण्याचे सामर्थ्य असते, आणि पुरावा म्हणून टोळाचे उदाहरण देतो. एकेकट्या राहणाऱ्या टोळाला ठरावीक अवस्थेत आपल्यासारखी हलती आकृती नुसती दिसली तरी तो झुंडीने राहणाऱ्या रूपात पालटतो. टोळाची अशी दोन रूपे असतात हे बोरिस उवारोव्हने १९२१ मध्ये मांडलेच होते. मात्र वाळवंटी टोळावर पुढे झालेल्या संशोधनाने या उदाहरणाचा तोल बदलला. मागच्या पायांच्या मांड्यांना वारंवार होणारा स्पर्श हे बदल घडवणारे एक प्रभावी कारण आहे, असे २००१ मध्ये दिसून आले. दृष्टीचे काम राहतेच, पण गंधाच्या जोडीने. लाकाँने जिथे दर्शन पाहिले तिथे गर्दीतला धक्काही होता.

मराठी वाचकाला इथे आपल्या घरचे एक उदाहरण आठवल्यावाचून राहणार नाही. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूताच्या चोवीस गुरूंपैकी शेवटची गुरू म्हणजे कुंभारीण माशी. तिने कोंडलेला किडा भयाने तिचेच ध्यान करतो आणि अखेर तिचेच रूप पावतो. १५७३ मध्ये काशीत पूर्ण झालेल्या एकनाथी भागवतामुळे हा कीटभृंगन्याय मराठी मनात खोल रुजला. प्रतिमेच्या ध्यासाने देह पालटतो, हा लाकाँचाच सिद्धान्त म्हणायचा! आणि प्रत्यक्षात काय घडते? माशी अळीला नांगी मारून लुळी करते, मातीच्या घरट्यात ठेवते, आपले अंडे घालून तोंड लिंपून टाकते. बाहेर पडते ती त्या अंड्यातून निघालेली, कोंडलेल्या अळीला खाऊन वाढलेली माशी. न्यायातला अध्यात्मबोध याने खोटा ठरत नाही. तो कीटकांविषयी नव्हताच. पण प्रतिमेने मोहून जाताना कोण कोणाला खात आहे याकडे दुर्लक्ष होऊ शकते, एवढी जाणीव समीक्षकाने ठेवायला हरकत नाही.

मराठी विज्ञानलेखनाने लार्वासाठी 'डिंभ' हा शब्द घेतला आणि इमागोसाठी 'प्रौढ'. संस्कृतात डिंभ म्हणजे बालक. म्हणजे लॅटिन परिभाषा सोंग आणि सत्य यांचे द्वंद्व मांडते, तर मराठी परिभाषा केवळ वयाची वाढ सांगते. या भाषांतरात रूपक हरवले, पण निवाडाही गेला. मूल हे काही मोठ्या माणसाचे सोंग नसते. मला हा तोटा नव्हे, लाभ वाटतो.

मूळ प्रश्न मात्र प्रयोगशाळेत जिवंत राहिला. १८६४ मध्ये आउगुस्ट वाइसमानने माशीच्या अळीत पेशींच्या बारीक चकत्या वर्णिल्या. प्रौढाचे पंख, पाय, डोळे पुढे त्यांतूनच घडतात. त्यांना आजही 'इमागोच्या चकत्या' या अर्थाचेच नाव आहे. कोशात अळीचे बरेचसे शरीर विरघळते आणि या चकत्या फुलतात. मग अळीचे काय उरते? २००८ मध्ये अमेरिकेत तंबाखूवरील सुरवंटांवर केलेला एक प्रयोग प्रसिद्ध झाला. विशिष्ट वासाबरोबर विजेचा सौम्य धक्का देऊन त्यांना तो वास टाळायला शिकवले. अळीपणाच्या शेवटच्या टप्प्यात शिकलेल्या सुरवंटांपैकी बहुतेकांनी पतंग झाल्यावरही तो वास टाळला. त्याआधीच्या टप्प्यात शिकलेल्यांत ही स्मृती टिकलेली दिसली नाही. पतंगाचे मन आणि माणसाचे मन एक नव्हे, हे उघडच आहे. तरीही मुखवटा गळून पडतो तेव्हा त्याने सोसलेले सारेच त्याच्याबरोबर जात नाही, एवढे तरी त्यातून दिसले.

साहित्याच्या इतिहासात आपण लेखकांचे 'उमेदवारीचा काळ' आणि 'परिपक्व काळ' असे भाग पाडतो. सुरुवातीच्या कविता वाचताना त्यांत पुढच्या थोर कवीच्या चकत्या तेवढ्या शोधतो. ज्या ओळींतून पुढे काही फुटले नाही त्या कात म्हणून टाकून देतो. ही लिनीअसचीच पद्धत आहे, फक्त आपल्याला तिचे नाव ठाऊक नसते. एखाद्याचे सारे रेशीम कदाचित त्या अळीपणातच विणलेले असेल.

त्या विद्यार्थिनीला मी पुढच्या तासाला सांगितले की 'इमागो' हा शब्द सध्या तरी भाषांतर न करता तसाच लिहावा, आणि उत्तरपत्रिकेच्या समासात 'पूर्ण वाढ झालेला कीटक' हा अर्थही नोंदवावा. परीक्षक गुण कापतील का, हे तिने विचारले. त्याचे उत्तर मला देता आले नाही.