कर्ज बुडाले, भरपाई कोणाची? : लंडन, मुंबई आणि सोलापूर

१/ सोलापूर जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेचे संचालक मंडळ २०१८ मध्ये बरखास्त होऊन तेथे प्रशासक आला. पुढे सहकार कायद्याच्या कलम ८८ नुसार चौकशीही झाली. अशा चौकशीच्या मुळाशी एकच प्रश्न असतो : पुरेसे तारण न घेता दिलेले कर्ज बुडाले, तर ते कोणी भरून द्यायचे? हा प्रश्न पावणेतीनशे वर्षांचा आहे.

२/ प्रारंभ लंडनचा. गरिबांना वस्तू गहाण ठेवून कर्ज देण्यासाठी १७०७ मध्ये तेथे ‘चॅरिटेबल कॉर्पोरेशन’ स्थापन झाली. कालांतराने गहाणवस्तू नसतानाच पैसे उचलले जाऊ लागले आणि संस्था बुडाली. १७४२ मध्ये लॉर्ड हार्डविक यांनी निर्णय दिला : ज्यांनी लक्ष ठेवायचे, त्यांनी लक्षच दिले नाही, तर तोही विश्वासभंग होय.

३/ यानंतर मुंबई. १८४० मध्ये स्थापन झालेल्या बँक ऑफ बॉम्बेवर कर्जवाटपाबाबत कडक बंधने होती. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि भारतीय कापसाला सोन्याचा भाव आला. १८६० मध्ये रेल्वे सोलापूरला पोचल्याने दख्खनच्या कापसालाही मुंबई जवळची झाली होती.

४/ १८६३ च्या दहाव्या कायद्याने बँकेवरील अनेक बंधने सैल केली. कंपन्यांचे शेअर तारण ठेवून कर्जे दिली जाऊ लागली. प्रेमचंद रायचंद यांच्यासारख्या सटोडियांचा बँकेवर मोठा प्रभाव होता. तारण कागदावर भक्कम दिसे, परंतु त्याची किंमत सट्ट्यावर उभी होती.

५/ १८६५ मध्ये युद्ध संपले, कापसाचे भाव कोसळले आणि शेअर मातीमोल झाले. बँकेचे बहुतांश भांडवल बुडाले. तिचा कारभार गुंडाळून १८६८ मध्ये त्याच नावाची नवी बँक उभी राहिली.

६/ सर चार्ल्स जॅक्सन यांच्या अध्यक्षतेखालील चौकशी आयोगाने दोषाची वाटणी स्पष्ट केली. सैल कायदा, असाधारण काळ आणि संचालकांची बेफिकिरी ही कारणे होतीच. पण दुर्बळ व तत्त्वशून्य सचिवांनी अधिकारांचा केलेला गैरवापरही होता. त्या काळचा ‘सचिव’ म्हणजे आजचा बँक व्यवस्थापक.

७/ यातून धडा घेऊन १८७६ चा प्रेसिडेन्सी बँक कायदा आला. स्थावर मालमत्तेच्या तारणावर कर्ज देण्यास त्याने मनाई केली. वचनचिठ्ठीवर किमान दोन स्वतंत्र व्यक्तींची नावे आवश्यक ठरली. येथे कायद्याने बँकेचे हात बांधले.

८/ महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० ने दुसरा मार्गही खुला केला : थेट व्यक्तीला जबाबदार धरण्याचा. कलम ८८ नुसार निधीचा गैरवापर, कर्तव्यातील गैरवर्तन किंवा विश्वासभंग आढळल्यास निबंधक ती रक्कम व्याजासह भरण्याचा आदेश देऊ शकतो. ‘अधिकारी’ या संज्ञेत अध्यक्ष आणि संचालकांबरोबर व्यवस्थापकही येतो. पद सोडले म्हणून सुटका नाही; मृत्यूनंतरही मागे राहिलेल्या मालमत्तेपर्यंत हे दायित्व पोचू शकते.

९/ मात्र एक भेद महत्त्वाचा. दुष्काळात कर्ज थकले, बाजार पडला, म्हणून व्यवस्थापक दोषी ठरत नाही. तारणाचे मूल्यांकन केले का, गहाणखत नोंदवले का, मंजुरीच्या अटी पाळल्या का, हे प्रश्न निर्णायक असतात. चुकलेला अंदाज वेगळा, मोडलेला नियम वेगळा. त्यात अप्रामाणिक हेतू सिद्ध झाला, तर प्रकरण फौजदारी विश्वासघाताचे होते आणि शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाऊ शकते.

१०/ जिल्हा बँकेच्या तिजोरीतील पैसा मुख्यतः ठेवीदारांचा असतो : शेतकऱ्याचा, शिक्षकाचा, गावच्या सोसायटीचा. कर्जाच्या कागदावर सही करणारा परक्याच्या पैशाचा विश्वस्त असतो. १७४२ चा निर्णय आणि १९६० चे कलम, दोहोंचा गाभा हाच आहे.