बँडविड्थ आरक्षणाच्या प्रणाली-फाइली (विंडोज)

नेटवर्कच्या वहनक्षमतेचा (बँडविड्थचा) काही भाग विशिष्ट प्रोग्रॅमसाठी राखून ठेवण्याचे काम विंडोजमध्ये काही डीएलएल फाइलींमार्फत चालते. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमना एकाच वेळी वापरता येणारी सामायिक संकेतसंहिता. विंडोज २००० मधील आरएसव्हीपीएसपी.डीएलएल ही फाइल प्रोग्रॅमची मागणी आरएसव्हीपी या प्रोटोकॉलमध्ये मांडत असे. त्याचे प्रमाणित रूप १९९७ मध्ये आरएफसी २२०५ म्हणून प्रसिद्ध झाले. त्यात पाठवणारा मार्गाची माहिती पुढे धाडतो, पण आरक्षण मागतो तो स्वीकारणारा; ही मागणी वाटेतील राउटरमधून उलट दिशेने जाते आणि ठराविक काळाने ती पुन्हा कळवली नाही तर आपोआप रद्द होते. प्रत्येक प्रवाहाची नोंद राउटरने ठेवायची, हा भार मोठ्या इंटरनेटला पेलवला नाही. मायक्रोसॉफ्टनेही विंडोज एक्सपीपासून आरएसव्हीपीचा वापर सोडून दिला.

ट्रॅफिक.डीएलएल मात्र टिकली. ती संगणकातून बाहेर पडणारी पॅकेट (माहितीचे तुकडे) कोणत्या क्रमाने आणि किती वेगाने सोडायची, हे पॅकेट शेड्यूलर या विंडोजच्या घटकाला सांगते. विंडोज व्हिस्टात क्यूवेव्ह.डीएलएल आली; घरगुती नेटवर्कवर ध्वनी-चित्र अखंड पोहोचावे, हा तिचा हेतू.

एक्सपी २० टक्के बँडविड्थ कायमची अडवून ठेवते, हा समज फार पसरला. तो चुकीचा आहे आणि त्यापायी अनेकांनी सेटिंग विनाकारण बदलल्या. २० टक्के ही केवळ आरक्षणाची कमाल मर्यादा होती. कोणत्याही प्रोग्रॅमने आरक्षण मागितले नाही, तर सारी क्षमता इतरांना मोकळीच असे. राखीव भागही न वापरल्यास इतरांच्या कामी येई.